विश्लेषण : ‘पालघर एक्स्प्रेस’ ते बॉबी ऑर… दिग्गज खेळाडूंच्या किश्श्यांत कुणाचे घर दडले आहे?

फेब्रुवारी २०१८. भारतीय संघ दक्षिण आफ्रिकेत एकदिवसीय मालिका ५-१ अशी जिंकून परतला होता. त्या मालिकेच्या शेवटच्या सामन्यात सेंच्युरियनला ५२ धावांत चार बळी घेणारा वेगवान गोलंदाज मुंबईत उतरला, अंधेरी स्थानक गाठले आणि लोकलच्या पहिल्या वर्गाच्या डब्यात चढला. कानाला हेडफोन. लवकर घरी पोहोचायचे, एवढेच डोक्यात. थोड्या वेळाने आजूबाजूच्या नजरा त्याच्यावर खिळल्या. कॉलेजच्या काही मुलांनी मोबाइलवर गुगल करून त्याचा फोटो शोधला आणि समोरच्या चेहऱ्याशी ताडून पाहिला. सेल्फीची मागणी झाली, तेव्हा त्याने पालघर येईपर्यंत थांबायला सांगितले.

तो खेळाडू म्हणजे शार्दुल ठाकूर. हा किस्सा नंतर त्याने स्वतःच सांगितला आणि तो देशभर गाजला. पालघर-बोईसरच्या वाचकांना मात्र त्यात फार नवल वाटले नसेल. मुंबईहून घरी यायचे तर गाडीच पकडावी लागते.

शार्दुलच्या कारकिर्दीत असे किस्से भरपूर आहेत. सहा चेंडूंत सहा षटकार, दहा चेंडूंत संपलेले कसोटी पदार्पण, वादात सापडलेली जर्सी. हे सगळे वाचताना जगाच्या दुसऱ्या टोकाच्या, आपल्याकडे फारशा माहीत नसलेल्या एका खेळातील दिग्गजांची आठवण येते. तो खेळ म्हणजे आइस हॉकी.

क्रिकेटच्या गोष्टीत आइस हॉकी कुठून आली?

पालघर तालुक्यात बर्फ दिसतो तो सातपाटीच्या बंदरात, मासळीच्या पेट्यांमध्ये. त्यावर स्केट्स घालून खेळायचा खेळ इथे कुणी खेळत नाही. तरीही ही तुलना जुळते, कारण कॅनडातील आइस हॉकीचा नकाशा मुंबई क्रिकेटच्या नकाशासारखाच आहे. मोठे संघ, मोठी मैदाने आणि निवड करणारी माणसे ठरावीक शहरांत. खेळाडू मात्र अनेकदा लांबच्या छोट्या गावातले. अशा मुलाने तेरा-चौदाव्या वर्षी काय करायचे? रोज प्रवास करायचा, घर सोडायचे की खेळ सोडायचा? आइस हॉकीतील अनेक मोठ्या खेळाडूंच्या कारकिर्दीत हा प्रश्न आला. शार्दुलच्याही आला.

पालघर ते मुंबई : अंतर नेमके किती?

शार्दुलचा जन्म १६ ऑक्टोबर १९९१चा. कुटुंब पालघरजवळच्या माहीमचे, शेती करणारे. तेव्हा पालघर हा ठाणे जिल्ह्यातील एक तालुका होता. स्वतंत्र पालघर जिल्हा झाला १ ऑगस्ट २०१४ रोजी, राज्यातील ३६वा जिल्हा म्हणून.

रेल्वेच्या हिशेबाने विरार चर्चगेटपासून साधारण ६० किलोमीटरवर आहे आणि डहाणू रोड सुमारे १२४ किलोमीटरवर. पालघर या दोन्हींच्या मधोमध येते. किलोमीटरपेक्षाही महत्त्वाचे होते ते विरारला गाडी बदलणे. चर्चगेट-डहाणू रोड लोकल सुरू झाली एप्रिल २०१३ मध्ये. त्याआधी वैतरणा, सफाळे, केळवे रोड, पालघर, उमरोळी, बोईसर, वाणगाव या पट्ट्यातील माणसाला शटल, मेमू किंवा लांब पल्ल्याच्या गाडीवर भरवसा ठेवावा लागे. एक गाडी चुकली की पुढची कधी, याचे उत्तर सोपे नसे.

मुंबईतील शालेय आणि क्लब क्रिकेटचे सामने सकाळी सुरू होतात. आझाद मैदानात सकाळी हजर व्हायचे तर पालघरच्या मुलाला पहाटे अंधारातच स्थानक गाठावे लागते, तेही क्रिकेटची भलीमोठी किटबॅग घेऊन. शार्दुलच्या शालेय आणि क्लब क्रिकेटची वर्षे बहुतांशी या २०१३ आधीच्या काळातली. त्याला पुढे मिळालेले ‘पालघर एक्स्प्रेस’ हे टोपणनाव त्यामुळे केवळ वेगाचे राहत नाही.

२००६च्या त्या सामन्यात काय घडले?

शार्दुल बोईसरच्या तारापूर विद्यामंदिर शाळेकडून खेळत होता. पालघरहून बोईसर म्हणजे मुंबईच्या उलट दिशेला, मध्ये उमरोळी हे एकच स्थानक. तारापूरची ओळख देशाला आहे ती अणुऊर्जा केंद्रामुळे. १९६९ मध्ये सुरू झालेले हे देशातील पहिले अणुवीज केंद्र. शेजारी एमआयडीसीचे कारखाने. क्रिकेटच्या नकाशावर मात्र या भागाचे नाव ठळक नव्हते.

२००६ मध्ये या शाळेची गाठ पडली बोरिवलीच्या स्वामी विवेकानंद इंटरनॅशनल स्कूलशी. ही शाळा दिनेश लाड यांच्या प्रशिक्षणामुळे मुंबईच्या शालेय क्रिकेटमध्ये नावारूपाला आली होती. रोहित शर्मा याच शाळेचा. तो लाड यांच्या नजरेत भरला तेव्हा ऑफस्पिन टाकत होता. शाळेचे शुल्क परवडणारे नव्हते म्हणून लाड यांनी त्याच्यासाठी शब्द टाकला आणि त्याला सवलत मिळवून दिली, हा किस्सा प्रसिद्ध आहे.

बोईसरच्या संघाकडून खेळणाऱ्या शार्दुलने त्या सामन्यात ७८ धावा केल्या आणि पाच बळीही घेतले. लाड मैदानात आले होते ते स्वतःचा संघ घेऊन. त्यांच्या लक्षात राहिला प्रतिस्पर्धी संघातील हा मुलगा. त्यांनी शार्दुलच्या वडिलांशी संपर्क साधला आणि मुलाला बोरिवलीच्या शाळेत पाठवा, असे सुचवले.

वडिलांनी आधी नकार दिला. कारण रास्त होते. दहावीचे वर्ष. रोज जाऊन-येऊन कित्येक तास गाडीत गेले तर अभ्यास कधी करणार? हा प्रश्न या पट्ट्यातील कुठल्याही घराला नवा नाही. मुलगी कबड्डी खेळणारी असो की मुलगा फुटबॉल, दहावी आली की आधी खेळाला सुट्टी मिळते.

लाड यांनी घरी पत्नीशी बोलणे केले आणि दुसरा प्रस्ताव ठेवला. शार्दुल आमच्या घरी राहील. वडील तयार झाले. शार्दुल जवळपास वर्षभर लाड कुटुंबात राहिला. लाड यांचा मुलगा सिद्धेश त्याच्याच वयाचा. तोही पुढे मुंबईकडून रणजी खेळला. प्रशिक्षणातील कामगिरीसाठी दिनेश लाड यांना २०२२ चा द्रोणाचार्य पुरस्कार जीवनगौरव विभागात मिळाला.

बॉबी ऑरची गोष्ट इतकी सारखी कशी?

आता कॅनडाकडे वळू. बॉबी ऑर हे आइस हॉकीतील सर्वकालीन महान बचावपटूंपैकी एक. नॅशनल हॉकी लीग, म्हणजे एनएचएलमध्ये हंगामात सर्वाधिक गुण मिळवण्याचा मान दोनदा पटकावणारा बचावपटू आजवर एकच, तो म्हणजे ऑर. आपल्या भाषेत सांगायचे तर गोलंदाजाने फलंदाजांच्या यादीत पहिला क्रमांक मिळवावा, तसे हे आहे.

ऑर यांचे गाव पॅरी साउंड, ओंटारिओ प्रांतातील एका उपसागराच्या काठचे छोटे शहर. १९६० च्या सुमारास बॉस्टन ब्रुइन्स संघाची माणसे मुलांचा एक सामना बघायला आली होती. ती आली होती दुसऱ्याच दोन मुलांना पाहायला. लक्षात राहिला समोरच्या संघातील बारा वर्षांचा बॉबी. बोईसरच्या शार्दुलचेही असेच झाले होते.

चौदाव्या वर्षी ऑर ब्रुइन्सच्या करारात बांधला गेला आणि ओशावा जनरल्स या ज्युनिअर संघात दाखल झाला. मोबदल्यात थोडी रक्कम होतीच, शिवाय ऑर कुटुंबाच्या घराला नवा गिलावा करून देण्याचेही ठरले होते. मात्र इतक्या लहान वयात मुलाने घराबाहेर राहावे, हे आईला पटेना. म्हणून पहिल्या हंगामात बॉबी पॅरी साउंडलाच राहिला. सामना असला की घरून मोटारीने काही तासांचा प्रवास करून ओशावाला जायचे, खेळायचे आणि परत यायचे. पुढच्या वर्षापासून तो ओशावात एका कुटुंबाच्या घरी राहू लागला.

इकडे शटल, तिकडे बर्फाळ रस्त्यावरची मोटार. पण दोन्ही घरांत आई-वडिलांना पडलेला प्रश्न एकच होता.

‘बिलेट’ कुटुंब म्हणजे काय?

कॅनडाच्या ज्युनिअर आइस हॉकीत या प्रश्नावर एक ठरलेली व्यवस्था आहे. तिला ‘बिलेट’ म्हणतात. साधारण सोळा ते वीस वर्षांचा खेळाडू दूरच्या संघात निवडला गेला की त्या शहरातील एखादे कुटुंब त्याला आपल्या घरी ठेवून घेते. त्याला खोली मिळते, जेवण मिळते. शाळा वेळेवर गाठली जाते का, रात्री वेळेत घरी येतो का, हेही घरचेच पाहतात. संघ त्या कुटुंबाला खर्चासाठी ठरावीक रक्कम देतो. अनेक खेळाडू निवृत्त झाल्यानंतरही या घरांशी नाते ठेवून असतात.

खेळातील सर्वांत मोठ्या नावांनाही हे चुकले नाही. वेन ग्रेट्स्की हा आइस हॉकीचा सचिन तेंडुलकर म्हणता येईल. त्याच्या वडिलांनी ब्रँटफर्ड येथील घराच्या परसात पाणी सोडून बर्फाचे मैदान तयार केले होते. दहाव्या वर्षी त्याने एकाच हंगामात ३७८ गोल केले. एवढ्या यशामुळे गावातील इतर मुलांच्या पालकांचा रोषही ओढवला. चौदाव्या वर्षी तो घर सोडून टोरांटोला एका कुटुंबाकडे राहायला गेला. ब्रँटफर्ड ते टोरांटो हे अंतर शंभर किलोमीटरच्या आसपास. आपल्याकडे बोईसरहून चर्चगेट साधारण तेवढेच.

सिडनी क्रॉस्बीचा किस्सा आणखी गमतीचा. २००५ मध्ये पिट्सबर्ग पेंग्विन्सने त्याला सर्वांत आधी निवडले. अठरा वर्षांचा हा मुलगा नव्या शहरात राहिला कुठे? मारिओ लेम्यू यांच्या घरी. लेम्यू हे त्याच संघाचे महान खेळाडू आणि तेव्हाचे मालकही. कोट्यवधी डॉलर कमावू लागल्यावरही क्रॉस्बी काही वर्षे त्यांच्याच घरी राहिला.

फरक इथेच आहे. कॅनडात ही नेहमीची व्यवस्था आहे. शार्दुलच्या बाबतीत तो एका प्रशिक्षकाने आणि त्याच्या घरच्यांनी दाखवलेला मनाचा मोठेपणा होता. एखाद्या घराने दार उघडणे ही चांगलीच गोष्ट, पण ते दार आपल्यासाठी उघडेल की नाही, हे पालघरच्या दुसऱ्या मुलाला आधी सांगता येत नाही.

सहा षटकारांचा किस्सा खरा आहे का?

हो. बोरिवलीच्या शाळेकडून खेळताना हॅरिस शिल्डच्या एका सामन्यात शार्दुलने एका षटकात सहा षटकार मारले. हॅरिस शिल्ड ही मुंबईतील सोळा वर्षांखालील शालेय मुलांची जुनी स्पर्धा. फेब्रुवारी १९८८ मध्ये सचिन तेंडुलकर आणि विनोद कांबळी यांनी ६६४ धावांची भागीदारी केली ती याच स्पर्धेत.

शार्दुलची ओळख पुढे गोलंदाज म्हणून झाली, पण त्याच्या बॅटची चुणूक शाळेतच दिसली होती. त्यामुळे २०२१ नंतर त्याच्या फलंदाजीचे देशाला वाटलेले आश्चर्य लाड यांच्या शिष्यांना वाटले नसणार.

१० क्रमांकाच्या जर्सीचा वाद काय होता?

३१ ऑगस्ट २०१७ रोजी कोलंबोत श्रीलंकेविरुद्ध शार्दुलने एकदिवसीय पदार्पण केले. पाठीवर क्रमांक होता १०. सचिनच्या निवृत्तीनंतर तो क्रमांक भारतीय संघात कुणी घालायचा नाही, असे चाहत्यांनी जणू ठरवूनच टाकले होते. समाजमाध्यमांवर टीकेची झोड उठली. शार्दुलने कारण दिले ते अंकशास्त्राचे. जन्मतारीख १६-१०-१९९१. सगळे अंक मिळवले तर बेरीज २८ आणि २ अधिक ८ म्हणजे १०.

पुढे त्याने ५४ क्रमांक घेतला. क्रिकेट मंडळानेही १० क्रमांक पुन्हा कुणाला दिला नाही. २०२३ मध्ये धोनीचा ७ क्रमांकही असाच बाजूला ठेवण्यात आल्याचे समोर आले.

आइस हॉकीत याचे सर्वांत मोठे उदाहरण ग्रेट्स्कीचेच. त्याला ९ क्रमांक हवा होता, कारण त्याचे दैवत गॉर्डी हाव यांचा तो क्रमांक. पण १९७७-७८ च्या ज्युनिअर हंगामात सू सेंट मरीच्या संघात ९ क्रमांक दुसऱ्या खेळाडूकडे होता. तडजोड म्हणून त्याने दोन नऊ घेतले आणि ९९ हा क्रमांक जन्माला आला. १९९९ मध्ये तो निवृत्त झाल्यावर लीगमधील सर्वच संघांनी तो क्रमांक कायमचा बंद केला.

आवडत्या खेळाडूचा क्रमांक ग्रेट्स्कीला मिळाला नाही आणि त्यातून त्याची स्वतःची ओळख तयार झाली. शार्दुलला १० सोडावा लागला आणि ५४ क्रमांक त्याचा होऊन गेला.

दहा चेंडूंची कसोटी, सव्वादोन वर्षांची वाट

शार्दुलचे कसोटी पदार्पण १२ ऑक्टोबर २०१८ रोजी हैदराबादला वेस्ट इंडिजविरुद्ध झाले. दहाच चेंडू टाकले आणि मांडीच्या सांध्याजवळचा स्नायू दुखावला. त्याची गोलंदाजी तिथेच संपली. पुढची कसोटी मिळाली जानेवारी २०२१ मध्ये.

दरम्यान आणखी एक कडवट क्षण त्याच्या वाट्याला आला. १२ मे २०१९, आयपीएलचा अंतिम सामना. चेन्नईला मुंबईविरुद्ध शेवटच्या चेंडूवर दोन धावा हव्या होत्या. समोर लसिथ मलिंगा, फलंदाज शार्दुल. पायचीत. चेन्नईने सामना एका धावेने गमावला.

मग आली ब्रिस्बेनची कसोटी. भारताचे प्रमुख गोलंदाज जखमी होते, म्हणून शार्दुलला संधी मिळाली. त्याने टाकलेल्या पहिल्याच चेंडूवर मार्कस हॅरिस बाद झाला. फलंदाजीत भारत ६ बाद १८६ असा अडचणीत असताना त्याने वॉशिंग्टन सुंदरसोबत १२३ धावांची भागीदारी केली.  त्याने पॅट कमिन्सला थेट षटकार मारून खाते उघडले. पहिल्या डावात ६७ धावा, दोन्ही डावांत मिळून सात बळी. भारताने ३२८ धावांचे लक्ष्य गाठून सामना तीन गड्यांनी जिंकला. १९८८ नंतर प्रथमच ऑस्ट्रेलिया गॅबावर हरली होती.

त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये ओव्हलवर त्याने ३१ चेंडूंत अर्धशतक ठोकले. इंग्लंडच्या भूमीवरील ते तोवरचे सर्वांत जलद कसोटी अर्धशतक. इयन बोथम यांचा ३२ चेंडूंचा विक्रम मागे पडला. दुसऱ्या डावातही त्याने ६० धावा केल्या. जानेवारी २०२२ मध्ये जोहान्सबर्गला ६१ धावांत ७ बळी, ही दक्षिण आफ्रिकेविरुद्ध कसोटीत भारतीय गोलंदाजाची सर्वोत्तम कामगिरी ठरली. चाहत्यांनी गमतीने दिलेली ‘लॉर्ड’ ही पदवी याच काळात पक्की झाली.

परत येण्याची ही सवय आइस हॉकीच्या दिग्गजांतही दिसते. गॉर्डी हाव कॅनडातील गवताळ प्रदेशातून आलेले. पंधराव्या वर्षी ते न्यूयॉर्क रेंजर्सच्या निवड शिबिराला गेले, पण घरची आठवण येऊन परत फिरले. पुढच्या वर्षी डेट्रॉइट संघाने त्यांना घेतले आणि पुढे इतिहास घडला. १९७१ मध्ये ते निवृत्त झाले. १९७३ मध्ये दुसऱ्या एका लीगमध्ये पुन्हा उतरले, तेही मार्क आणि मार्टी या आपल्या दोन मुलांसोबत एकाच संघातून. १९८० मध्ये एनएचएलमधील शेवटचा सामना खेळले तेव्हा त्यांचे वय होते ५२.

बॉबी ऑर यांना मात्र शरीराने साथ दिली नाही. डाव्या गुडघ्यावर वारंवार शस्त्रक्रिया झाल्या आणि वयाच्या तिसाव्या वर्षीच त्यांना थांबावे लागले. एनएचएलमध्ये ते केवळ ६५७ सामने खेळले.

विकला न गेलेला खेळाडू पुन्हा कसोटी संघात कसा आला?

२०२४ हे वर्ष शार्दुलसाठी चढ-उतारांचे होते. मार्चमध्ये रणजी उपांत्य सामन्यात तमिळनाडूविरुद्ध मुंबईची अवस्था ७ बाद १०६ होती. नवव्या क्रमांकावर उतरून त्याने १०९ धावा केल्या. प्रथम श्रेणी क्रिकेटमधील ते त्याचे पहिले शतक. अंतिम सामन्यात विदर्भाविरुद्ध त्याच्या ७५ धावांनी पहिला डाव सावरला आणि मुंबईने ४२ व्यांदा रणजी करंडक जिंकला. जूनमध्ये पायावर शस्त्रक्रिया झाली. नोव्हेंबरमध्ये आयपीएलच्या लिलावात एकाही संघाने त्याच्यावर बोली लावली नाही.

तो पुन्हा रणजीकडे वळला. जानेवारी २०२५ मध्ये जम्मू-काश्मीरविरुद्ध शतक, त्यानंतर मेघालयाविरुद्ध हॅटट्रिक. मार्चमध्ये मोहसीन खान जखमी झाल्याने लखनौने त्याला बदली खेळाडू म्हणून घेतले आणि हैदराबादविरुद्ध त्याने ३४ धावांत चार बळी घेतले. जून २०२५ मध्ये लीड्सला तो पुन्हा भारताकडून कसोटी खेळत होता.

बोईसरच्या मैदानाचा देशपातळीवरचा किस्सा

सर्वांत स्थानिक किस्सा करोनाकाळातला. मार्च २०२० पासून देशातील सगळे क्रिकेट बंद होते. २३ मे २०२० रोजी शार्दुल बोईसरमधील पालघर-डहाणू तालुका क्रीडा संघटनेच्या मैदानात उतरला आणि त्याने नेटमध्ये गोलंदाजी केली. मंडळाच्या करारातील खेळाडूंपैकी टाळेबंदीनंतर मैदानात सराव करणारा तो पहिला ठरला. प्रत्येक गोलंदाजाने स्वतःचाच चेंडू वापरायचा, चेंडू निर्जंतुक करायचे, अशी काळजी घेण्यात आली होती. मंडळाची परवानगी न घेता सराव केल्याबद्दल नाराजी व्यक्त झाल्याच्या बातम्याही आल्या.

मुंबईतील मोठी मैदाने कुलूपबंद असताना भारताच्या वेगवान गोलंदाजाला चेंडू टाकायला जागा मिळाली ती बोईसरमध्ये. त्या काही तासांपुरता मुंबई क्रिकेटचा नकाशा उलटा झाला होता.

हे विक्रम टिकणार का?

किस्से टिकतात, आकडे मात्र मागे पडतात. इंग्लंडमधील ३१ चेंडूंचे अर्धशतक २०२४ मध्ये बेन स्टोक्सने २४ चेंडूंत अर्धशतक करून मागे टाकले. आइस हॉकीत ग्रेट्स्कीचा ८९४ गोलांचा विक्रम कुणी मोडणार नाही, असे मानले जात होते. ६ एप्रिल २०२५ रोजी अलेक्झांडर ओवेच्किनने ८९५वा गोल केला. ग्रेट्स्कीचा एक विक्रम मात्र अजून भक्कम आहे. त्याने सहकाऱ्यांच्या गोलांसाठी दिलेल्या १,९६३ पासची संख्याच इतर कुठल्याही खेळाडूच्या गोल आणि पास यांच्या एकूण बेरजेपेक्षा जास्त आहे.

मग पालघरच्या पुढच्या मुलांसाठी काय बदलले?

शार्दुलच्या शाळेच्या दिवसांपेक्षा आज प्रवास थोडा सोपा झाला आहे. डहाणूपर्यंत लोकल धावते. विरार-डहाणू रोड मार्गाच्या ६४ किलोमीटरच्या चौपदरीकरणाचे काम हाती घेतले गेले. जिल्ह्याचे मुख्यालय पालघरला आले. मोबाइलवर सामने पाहून तंत्र शिकणारी पिढी बोईसर, वाणगाव, डहाणूत वाढते आहे.

तरीही दोन गोष्टी गाडीने सुटत नाहीत. पहिली, योग्य माणसासमोर खेळायला मिळणे. शार्दुलच्या शाळेची गाठ त्या दिवशी दुसऱ्या एखाद्या शाळेशी पडली असती, तर ७८ धावा आणि पाच बळी धावफलकातच राहिले असते. दुसरी गोष्ट म्हणजे मुक्काम. कॅनडात गावातल्या मुलासाठी शहरातले घर संघ शोधून देतो. आपल्याकडे ते नातेवाइकांत, ओळखीत किंवा एखाद्या लाड सरांसारख्या माणसात शोधावे लागते. जिल्ह्यात वसतिगृहाची सोय असलेली प्रशिक्षण केंद्रे, जिल्ह्यातच होणारे निवड सामने आणि दहावीच्या वर्षातही अभ्यास-खेळ दोन्ही सांभाळणारी शाळा, या तीन गोष्टी मिळाल्या तर हा प्रश्न नशिबावर सोडावा लागणार नाही.

दिग्गजांचे किस्से आपण गंमत म्हणून वाचतो. ऑरच्या घराचा गिलावा, ग्रेट्स्कीच्या परसातला बर्फ, क्रॉस्बीचा मालकाच्या घरातील मुक्काम, शार्दुलचा बोरिवलीतील वर्षभराचा पाहुणचार. या प्रत्येक किश्श्यात विक्रमाच्या आधी एक घर येते. ज्यांना असे घर मिळाले नाही, त्यांचे किस्से कुणी लिहीत नाही. पहाटेच्या डहाणू-विरार गाडीत किटबॅग सांभाळत बसलेला मुलगा दिसला, तर त्याला बसायला जागा करून द्यायला हरकत नाही. त्याचा फोटो अजून गुगलवर सापडणार नाही, एवढेच.